किंक्रांतीच्या दिवसाची साक्ष

माझ्या सासऱ्यांचा वकिलांवर फारसा विश्वास नव्हता आणि वकिलांच्या टायपिस्टवर तर मुळीच नव्हता. तो टायपिस्ट कोर्टाच्या आवारात दहा वकिलांचं काम करतो, आपला कागद वाचून समोरच्यांना जाऊन सांगणार नाही कशावरून, असं ते म्हणत. म्हणून अपिलाची कागदपत्रं टाईप करायचं काम माझ्याकडे आलं. पुण्यात असताना मी टायपिंगच्या दोन परीक्षा दिल्या होत्या, हे त्यांनी लग्न ठरवताना विचारून घेतलं होतं. ते इतक्या वर्षांनी उपयोगी पडलं.

हे साल चौऱ्याण्णव असावं. लग्न होऊन बंगलोरला येऊन मला पाच-सहा वर्षं झाली होती. सासरे सरकारी कारखान्यातून इंजिनियर म्हणून निवृत्त झाले होते, माझे यजमान एका सरकारी संशोधन संस्थेत होते, आणि आम्ही मल्लेश्वरममध्ये भाड्याच्या घरात राहत होतो. स्वतःचं घर हा आमच्याकडे रोजचा विषय होता, कारण ते घर आमच्यापासून तीन गल्ल्या पलीकडे उभं होतं आणि आमचं नव्हतं.

ते घर एका जुन्या मराठी गृहस्थांचं. त्यांची कित्येक पिढ्यांपासूनची माणसं बंगलोरचीच. घरात मराठी बोलायची, पण आम्ही बोलतो तशी नाही, अर्धं कानडी मिसळलेली. सगळी गल्ली त्यांना अण्णा म्हणायची. माझ्या लग्नाच्या आधीच्या पावसाळ्यात त्यांनी ते घर सासऱ्यांना विकायचं कबूल केलं होतं. साठेखत झालं, इसार दिला गेला. सहा महिन्यांत अण्णांनी कागद साफ करायचे, सासऱ्यांनी उरलेली रक्कम द्यायची आणि सब-रजिस्ट्रारच्या कचेरीत जाऊन खरेदीखत करायचं, असं ठरलं. मुदतीचा शेवटचा दिवस जानेवारीत येत होता. खरेदीखत झालं नाही. सासऱ्यांनी दावा लावला की ठरलं होतं तसं खरेदीखत करून द्या, आम्हाला इसार परत नको, घर हवं.

त्यांच्या तोंडून ही हकीकत मी शंभरदा ऐकली होती. ती सांगताना ते नेहमी म्हणत, "शेवटच्या दिवशी दहापासून पाचपर्यंत त्या कचेरीच्या बाकावर बसून होतो. पासबुक खिशात, चेकबुक खिशात. अण्णा फिरकला नाही." बरोबर कारखान्यातले एक मित्रही होते, असं ते सांगत. त्या मित्रांनी कोर्टात तशी साक्ष दिली होती.

अण्णांनी कोर्टात नेमकं उलटं सांगितलं होतं. मी दिवसभर कचेरीत होतो, हेच आले नाहीत.

एका लहानशा कचेरीत दोन माणसं सात तास बसली आणि एकमेकांना दिसली नाहीत, हे शक्य नव्हतं. दोघांपैकी एक जण खोटं बोलत होता, हे कोणालाही कळलं असतं. आमच्या घरात तो कोण, यावर कधी चर्चा झाली नाही. खालच्या कोर्टाच्या न्यायाधीशांनी लिहिलं की पैसे बँकेत होते हे मान्य, पण घेणाऱ्याची खरोखर तयारी होती हे त्यानेच सिद्ध करायचं असतं आणि या मित्राच्या साक्षीवर आमचा भरवसा बसत नाही. घर नाही, इसार व्याजासकट परत घ्या. सासऱ्यांनी इसार घेतला नाही. त्यांनी हायकोर्टात अपील केलं.

अपिलासाठी खालच्या कोर्टातली सगळी साक्ष, सगळे कागद नीट टाईप करून त्यांची पुस्तकं बांधून द्यायची होती. जेवणाच्या टेबलावर मी मशीन मांडलं. दुपारी मुलगी झोपली की बसायचं. सासरे बाहेरच्या खोलीत खुर्ची अशी ठेवत की त्यांना फाटकही दिसावं आणि मीही. काम संपलं की ते वापरलेले कार्बन मोजून घेत आणि मागच्या अंगणात जाळत.

"कार्बनवर उजेडात सगळं वाचता येतं," ते म्हणाले. "लोकांना वाटतं, काळा कागद आहे, फेकून द्यावा."

मला तेव्हा त्याचं हसू यायचं. पण मीही एक गोष्ट लपवत होते.

दर गुरुवारी मी आठव्या क्रॉसच्या, म्हणजे आठव्या आडव्या गल्लीच्या, बाजारात भाजीला जायची. तिथे एकदा मुलीला रागावत असताना मागून आवाज आला, "पुण्याची का गे तू?" साठीच्या पुढची बाई, हातात शेवंतीचा पुडा. मला परक्या गावात मराठी ऐकून इतकं बरं वाटलं की मी तिथेच अर्धा तास बोलत उभी राहिले. चार-पाच गुरुवार गेल्यावर कळलं की या अण्णांच्या बायको. त्यांना मी कोण ते पहिल्या दिवसापासून माहीत होतं. त्यांनी खटल्याचा शब्द काढला नाही, मीही काढला नाही. मी त्यांना अक्का म्हणायला लागले. घरी सांगितलं नाही, कारण सांगितलं असतं तर बाजार बंद झाला असता.

सासऱ्यांची साक्ष टाईप करायला घेतली तो मार्गशीर्षातला दिवस होता. इंग्रजीत लिहिलेली साक्ष. नाव, वय, धंदा, साठेखत कधी झालं. मग तो शेवटचा दिवस. घरात तो नेहमी 'शेवटचा दिवस' एवढाच असायचा. कागदावर त्याला तारीख होती.

ती तारीख टाईप करताना माझी बोटं थांबली नाहीत. दोन ओळी पुढे गेल्यावर थांबली.

त्या दिवशी सासरे बंगलोरला नव्हते. ते पुण्यात आमच्या घरी, दिवाणखान्यात, पंख्याखाली बसले होते. सासूबाई आणि माझे यजमान त्यांच्या दोन बाजूंना. मी पोह्यांचा ट्रे घेऊन बाहेर आले तो दिवस होता तो. संक्रांतीचा दुसरा दिवस, किंक्रांत. आमच्या आजीने सकाळपासून डोकं धरलं होतं, किंक्रांतीला कोणी मुलगी बघायला येतं का, हा दिवस कसल्याही कामाला चालत नाही. वडिलांनी तिला समजावलं होतं की एवढ्या लांबून येतात, त्यांना रजा तेवढीच आहे. म्हणून तो दिवस माझ्या मनात पक्का होता.

मी कागद मशीनमधून काढला नाही. बाहेर पाहिलं, तर सासरे पेपर वाचत होते.

आधी वाटलं, आपलीच चूक होत असेल. तिथी आणि तारीख यांची गल्लत होते. मी आईला आंतर्देशीय पत्र लिहिलं. बाकी सगळी खुशाली लिहिली आणि मध्येच विचारलं, आमचा बघण्याचा कार्यक्रम नक्की किंक्रांतीलाच होता ना, त्या वर्षी ती कोणत्या तारखेला होती, जुनी दिनदर्शिका असेल तर बघ. का विचारतेय ते लिहिलं नाही.

बारा दिवसांनी उत्तर आलं. सासऱ्यांनी ते माझ्या हातात दिलं तेव्हा त्याच्या तिन्ही कडा सुरीने सरळ कापलेल्या होत्या.

"चुकून फोडलं," ते म्हणाले. "माझं समजून."

पत्त्यावर माझं नाव होतं, आईच्या ठसठशीत अक्षरात. आत आईने लिहिलं होतं की हो, किंक्रांतच, आजी त्यावरून दोन दिवस बोलत नव्हती. खाली तारीख. टाईप केलेल्या पानावर होती तीच.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या टेबलावर फाईल नव्हती. राहिलेलं बाहेरून करून घेतो, असं सासूबाईंकरवी निरोप आला. ज्या माणसाने टायपिस्ट फितूर होईल म्हणून मला बसवलं होतं, तो आता फाईल कपाटात कुलपात ठेवत होता.

मी यजमानांना सांगितलं. ते स्वयंपाकघराच्या दारात उभे राहून ऐकत होते. सगळं ऐकून म्हणाले, "तुला नक्की आठवतंय?"

"तुम्हीही होतात ना तिथे."

"तारखा माझ्या लक्षात राहत नाहीत."

हा माणूस दहा वर्षांपूर्वीची चाचणी कोणत्या दिवशी फसली ते तोंडपाठ सांगायचा. त्या दिवसापासून त्यांच्याकडे बघताना माझ्या मनात एक प्रश्न येऊन बसला. दावा लागला तेव्हा यांना तारीख माहीत नव्हती? घरात साक्षीची तयारी होत होती, वकील येत होते, तेव्हा हे कुठे होते? सासूबाई तर पंचांग बघितल्याशिवाय लोणचंही घालत नसत. त्यांना तरी किंक्रांत आठवली नसेल? मग मला वाटायला लागलं की घरात सगळ्यांना ठाऊक आहे, आणि आपल्याला कळलंय हेही आता सगळ्यांना ठाऊक आहे. जेवताना कोणी 'मीठ दे' म्हणालं तरी मी त्यामागे आणखी काही आहे का ते शोधायची.

असे आठ दिवस गेले. एका रविवारी दुपारी सासूबाई देवळात गेल्या होत्या आणि यजमान मुलीला घेऊन बाहेर गेले होते. सासऱ्यांनी मला हाक मारली. समोरच्या खुर्चीवर बसायला सांगितलं. एरवी मी त्यांच्यासमोर बसत नसे.

"तुझ्या आईला काय विचारलंस ते मी वाचलं," ते म्हणाले. "चुकून नाही."

ते खुर्चीत पुढे सरकले.

"पुण्याहून आल्यावर दुसऱ्याच दिवशी मी अण्णाकडे गेलो होतो. पैसे तयार आहेत, उद्या कचेरीत चल म्हणालो. तो म्हणाला, मुदत संपली. तीन दिवस झाले होते फक्त. तीन दिवसांत भाव वाढत नाही, पण माणसाची नियत फिरते. त्याला कोणीतरी जास्त देऊ केलं असणार."

"मग कोर्टात तसंच का नाही सांगितलंत, बाबा?"

"वकील म्हणाले, मुदतीनंतर गेलात असं सांगितलंत तर दावा तिथेच पडेल. शेवटचा दिवस सांगा. मी पैसे घेऊन गेलो होतो हे खरंच आहे. दिवस तेवढा मागे घेतला."

"आणि तुमचे मित्र?"

"मित्र आहेत म्हणूनच तर आले."

मला पुढचा प्रश्न विचारायचा नव्हता, पण तो तोंडातून गेला. "म्हणजे त्या दिवशी अण्णा खरंच कचेरीत येऊन थांबले होते?"

"ते मला काय माहीत? मी तिथे नव्हतो."

बोलून झाल्यावर त्यांना स्वतःचे शब्द ऐकू आले असावेत. मग म्हणाले, "दिवस तुझ्या वडिलांनी दिला होता. त्यांना दुसरा जमत नव्हता. घर तुझ्यापायी गेलं असं मी आजवर कधी म्हटलं नाही."

हे त्यांनी मायेने सांगितलं की दम दिला, ते मला त्या क्षणी कळलं नाही. अजूनही खात्री नाही.

"कोणाला सांगितलंयस?" त्यांनी विचारलं.

"ह्यांना."

"आणि त्या बाईला? दर गुरुवारी बाजारात भेटते ती."

किती दिवसांपासून त्यांना माहीत होतं, कोणी सांगितलं, की ते स्वतःच मागून आले होते, काही कळेना. मी म्हणाले, "नाही. खटल्याबद्दल आम्ही कधी बोलत नाही."

त्यांनी मान हलवली. उठून कपाट उघडलं आणि फाईल टेबलावर ठेवली. "राहिलेली पानं पूर्ण कर."

मी ती पूर्ण केली. एक अक्षर इकडचं तिकडे केलं नाही. साक्ष होती तशी टाईप केली, अण्णांचीही केली. अण्णांनी उलटतपासणीत सांगितलं होतं की दुपारी दोन वाजता कचेरीसमोरच्या हॉटेलात इडली खाल्ली आणि परत येऊन बसलो. ते वाक्य टाईप करताना मला लाज वाटली. शेवटच्या कागदांमध्ये आमच्या वकिलांनी अण्णांना पाठवलेली पहिली नोटीस होती, मुदत संपल्यावर आठवड्याभरात पाठवलेली. तीत आमचा अशील नेहमीच तयार होता वगैरे सगळं होतं. कचेरीत दिवसभर बसल्याचा शब्दही नव्हता. ती नोटीस लिहिली तेव्हा तो बाक अजून कोणाला सुचला नव्हता, हे माझ्या लक्षात आलं. मी ते सासऱ्यांना सांगितलं नाही. वकिलांनाही कळवलं नाही.

एकदा मात्र मी अक्कांच्या फाटकाशी गेले. गुरुवार नव्हता. त्या अंगणात पापड उलटत होत्या. "ये गे, स्वल्प बस," त्या म्हणाल्या. अण्णा आत रेडिओ ऐकत होते. मला सांगायचं होतं की अण्णा खरं बोलत होते, मला ठाऊक आहे. घरातून निघताना मी ते वाक्य मनात जुळवलंही होतं. मी फाटकाची कडी धरून उभी राहिले आणि म्हणाले, "कोथिंबीर आणायला निघाले होते." अक्कांनी हसून विचारलं की कोथिंबीर इकडे कुठे मिळते. मी परत आले.

अपील उभं राहायला आणखी तीन वर्षं लागली. हायकोर्टाच्या त्या लाल इमारतीत आम्ही तिघे गेलो, सासरे, यजमान आणि मी. सासऱ्यांनी मला मुद्दाम यायला सांगितलं होतं. पलीकडच्या बाकावर अण्णा, खूप वाळलेले, शेजारी त्यांचा मुलगा. आमच्या वकिलांनी वीस मिनिटं तो एकच दिवस लावून धरला. दोन साक्षीदार सांगतात, दोघेही उलटतपासणीत डगमगले नाहीत, मग खालच्या कोर्टाने अविश्वास का दाखवावा?

मग त्यांच्या बाजूची वकीलबाई उठली. नवीनच होती, अण्णांनी जुना वकील बदलला होता. ती म्हणाली, "एवढंच बघावं, पहिल्या नोटिशीत काय लिहिलंय."

न्यायाधीशांनी मी टाईप केलेलं पुस्तक उलटलं. त्यांनी नोटीस वाचली, पुन्हा वाचली आणि चष्म्यावरून आमच्या वकिलांकडे पाहिलं. "माणूस सात तास बाकावर बसला असता, तर आठवड्याने पाठवलेल्या नोटिशीत त्याने सगळ्यात आधी तेच लिहिलं असतं. नाही का?"

अपील फेटाळलं गेलं. खालच्या कोर्टाने दिलेला इसार आणि व्याज, तेवढं राहिलं. घर गेलं.

बाहेर व्हरांड्यात सासरे खांबाला टेकून उभे राहिले. यजमान त्यांना पाणी देत होते. त्यांनी पाणी घेतलं नाही. माझ्याकडे बघत म्हणाले, "आठ वर्षं त्यांना ती नोटीस दिसली नाही. आत्ताच कशी दिसली?"

"बाबा, ती रेकॉर्डमध्येच होती. कोणीही वाचली असती."

"हो," ते म्हणाले. "तू वाचली होतीस."

त्यानंतर ते माझ्याशी वाईट वागले असं मी म्हणणार नाही. चहा मागत, मुलीचा अभ्यास घेत, मला ताप आला तर डॉक्टरकडे नेत. पण कागद दिसला की तो उलटा करून ठेवत. बँकेचा माणूस आला तर मी आत जाईपर्यंत थांबत.

पुढच्या गुरुवारी मी बाजारात अक्कांना गाठलं. त्या फुलं घेत होत्या. मला पाहून त्यांनी पदर सारखा केला आणि पुढच्या दुकानाकडे चालू लागल्या. मी मागे गेले.

"अक्का, झालं ते झालं. आपल्यात काय आहे?"

त्या थांबल्या. इकडे तिकडे बघून हळू आवाजात म्हणाल्या, "आमच्या घरी म्हणतात, तुला त्यांनीच पाठवलेलं होतं. वास काढायला. त्या दिवशी फाटकापर्यंत आलीस, काही न बोलता गेलीस. मुलगा म्हणाला, बघून गेली, घरात कोण कोण आहे ते."

"तुम्हालाही तसं वाटतं?"

"मला काय कळतं गे," त्या म्हणाल्या. "सरी, बरं. येते मी." आणि गेल्या.

वर्षभरात आम्ही मल्लेश्वरम सोडलं. इसाराचे पैसे आणि यजमानांचं कर्ज मिळून पूर्वेला, महादेवपुराच्या बाजूला एक फ्लॅट घेतला. तेव्हा तिकडे रस्ता म्हणजे लाल माती होती, आणि रात्री कोल्हे ओरडतात असं सासूबाईंना कोणीतरी सांगितलं होतं. सामान बांधत होतो त्या दिवशी यजमान जमिनीवर बसून काचेची भांडी वर्तमानपत्रात गुंडाळत होते. मी त्यांना एकेक भांडं देत होते. सासरे खाली टेम्पोजवळ उभे होते.

"एक विचारू?" ते म्हणाले. "राग मानू नकोस. तू त्यांच्याकडे कोणाला काही बोलली होतीस का?"

"नाही."

"बरं," ते म्हणाले, आणि पुढचं भांडं घ्यायला हात पुढे केला.

त्यांना पटलं की नाही, ते त्यांच्या चेहऱ्यावरून मला कळलं नाही. तुम्हाला ती तारीख पहिल्यापासून माहीत होती का, हे विचारायला तेव्हा चांगली संधी होती. मी त्यांच्या हातात बरणी दिली. खालून सासऱ्यांनी हाक मारली की उशीर होतोय, आणि आम्ही खोकी उचलली.